बाजेखालचा विस्तव

बाजेखालची शेगडी कशी भरावी हे जयवंताबाईंना कुणी शिकवायची गरज नव्हती. खाली राख, वर बाभळीचे निखारे, त्यावर गोवरीचा तुकडा आणि चिमूटभर ओवा. पिंपळगाव रेणुकाईतल्या निम्म्या बाळंतिणी त्यांच्या हाताखालून गेलेल्या. भानामतीच्या गोष्टी काढणाऱ्या बायांना त्या सरळ उठवून लावत. त्यामुळं नुकतीच मुलगी झालेल्या सुनेच्या, रेणूच्या, बाजेखालचा विस्तव पहिल्यांदा विझला तेव्हा त्यांनी लाकडाला नावं ठेवली. ओलं असणार मेलं.

दुसऱ्यांदा विझला तेव्हा त्यांनी निखारा उचलून पाहिला. त्याची राख झाली नव्हती. वखारीतून आत्ताच आणावा तसा तो काळा, कोरा होता, आणि गार. वैशाख चालू होता, डोक्यावरचे पत्रे तापून तडतडत होते, आणि रेणूचे पाय मात्र माठाच्या पोटासारखे लागत होते. देव्हाऱ्यातल्या दिव्याची ज्योत तिच्या खोलीकडं कलायची. खिडकी लावून घेतली तरी कलायची.

मुलानं, गोरक्षनाथानं, तिला जालन्याला नेऊन दाखवलं आणि त्याच दिवशी परत आणलं. मागोमाग उपकेंद्रातली नर्स सुमेधा घरी आली.

"याला अग्निशोष म्हणतात, मावशी. आधी पण दोघी-तिघी आल्या होत्या. शरीर जवळचा विस्तव ओढून घेतं. कशामुळं, ते कुणालाच कळलेलं नाही. थोड्या दिवसांनी आपोआप थांबतं."

"मंग दवाखान्यात का न्हाई ठिवून घेतलं?"

"वॉर्डात ऑक्सिजन असतो. तिथं शेगडी कशी चालेल?" सुमेधानं पिशवी खांद्याला लावली. "एवढंच करा. विस्तव तिच्या बाजेखालून हलवू नका. विझला की लगेच दुसरा भरा. नाहीतर शरीर दुसरीकडून घेतं."

"दुसरीकडून म्हंजे?"

"मी पण डॉक्टरांना हेच विचारलं. त्यांनी पुढचा पेशंट आत बोलावला."

जयवंताबाईंनी शेगडी विझू दिली नाही. गोवऱ्यांचा ढीग संपला तेव्हा मोडका नांगर फोडला. रेणू त्यांना पोटच्या पोरीहून जवळची होती. नवरा गेल्यावर दिवसचे दिवस त्या अन्नाला शिवत नव्हत्या, तेव्हा याच पोरीनं समोर बसून घास भरवले होते. ती हातची जाऊ द्यायची नाही, एवढंच त्यांच्या डोक्यात होतं.

मग पाचवी आली.

पाचवीला सटवी बाळाचं नशीब लिहायला येते. बाजेशेजारची जमीन सारवून पाटा-वरवंटा मांडायचा, कोरा कागद ठेवायचा, एक दिवा लावायचा. खोलीत दुसरा विस्तव चालत नाही, आणि तो दिवा बाळंतिणीला दिसूही द्यायचा नाही. जयवंताबाईंचा सटवीवर विश्वास होता असं नाही. पण पाचवी चुकवायची, हे त्यांच्या मनातसुद्धा आलं नाही. शेगडी अंगणात काढताना त्यांना सुमेधाचं बोलणं आठवलं. पण दिवा म्हणजे तरी विस्तवच की, असा त्यांनी हिशोब केला. बाजेच्या कडेनं जुन्या लुगड्याचं जुनेर पडद्यासारखं सोडलं आणि त्याच्याआड, पाट्यापाशी दिवा लावला.

दिवेलागणीला शेजारच्या बाया जमल्या, हळदी-कुंकू झालं, घुगऱ्या वाटल्या. जयवंताबाईंचं सारं लक्ष ज्योतीकडं होतं. ज्योत सरळ उभी होती. रेणूकडं तसूभरही कलत नव्हती.

"आत्याबाई," जुनेरापलीकडून रेणू म्हणाली, "आज थंडी वाजून न्हाई राह्यली बघा. बिलकुल न्हाई."

जयवंताबाईंनी तिचे पाय चाचपले. ऊबदार होते. गालावर रंग होता, कपाळावर घामसुद्धा. त्यांचे डोळे भरून आले. पोर वाचली. त्यांनी शेजारच्या गिरिजाबाईच्या ओंजळीत आणखी घुगऱ्या घातल्या.

बाया गेल्या. रेणू उठून बसली आणि जेवायला मागू लागली.

"आन् पोरगी?" जयवंताबाईंनी विचारलं.

"हाय की कुशीत. लई गुणाची. मघापासून रडली सुदिक न्हाई."

जयवंताबाईंनी दुपट्यात हात घातला.

आणि तसाच ठेवला.

"गोरक्ष! शेगडी आण! जल्दी!"

"शेगडी विझवली, आई!" अंगणातून गोरक्षनाथ ओरडला. "वारं सुटल्तं, ठिणग्या कडब्यावर उडायल्या म्हून गिरिजाकाकूनं पाणी वतलं. काऊन?"

"पेटव! काय बी जाळ, पण पेटव!"

त्यांनी पोरीला उचललं. श्वास होता. पापणी हलत होती. ओठ मात्र जांभळासारखे काळे पडलेले. सरळ ज्योतीचा अर्थ आता त्यांना कळला. रेणूच्या शरीराला दिव्यापर्यंत जायची गरजच पडली नव्हती; ऊब कुशीतच होती.

चोळी सोडून त्यांनी पोरीला उघड्या छातीशी धरलं, वरून पदर गुंडाळला.

आधी काहीच झालं नाही.

मग इवल्या बोटांनी कातडी घट्ट धरली.

गार पडली ती आधी जयवंताबाईंची छाती. मग खांदे. मग पाय कुठं आहेत ते कळेना. पोरीच्या ओठांवर मात्र हळूहळू लाली चढत होती.

"आत्याबाई, द्या तिला इकडं." रेणूनं हात पुढं केले. "तुमचं तोंड पांढरंफटक पडून राह्यलंय."

जयवंताबाईंनी मान हलवली. परत तुझ्याकडं? न्हाई. त्यांनी सुनेकडं पाठ केली आणि पदर आणखी आवळला.

बाहेर कडब्याच्या पेंढीनं भडका घेतला. "पेटलं, आई! आणू का?"

आण, म्हणायला जयवंताबाईंनी तोंड उघडलं. शब्द आला नाही. वैशाखात, तापल्या पत्र्याखाली, त्यांच्या तोंडातून नुसती पांढरी वाफ आली.