डावीकडून आलेली काडी

नोव्हेंबरच्या दुसऱ्या शनिवारी मी गॅरेजमध्ये गाडीला विंटर टायर्स चढवत होतो. इम्पॅक्ट रेंच सुरू केला की कानातलं मशीन शिट्टी मारतं, म्हणून ते काढून खिशात ठेवलं होतं. उल्का बेसमेंटमध्ये ड्रायरमधल्या कपड्यांच्या घड्या करत होती. चारही टायर बसवून, हात धुऊन मी चहासाठी आत गेलो. ती बेसमेंटच्या पायऱ्यांशी पडली होती. हॉस्पिटलमधले डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं, पाच-दहा मिनिटांत संपलं असेल. मी गॅरेजमध्ये चाळीस मिनिटं होतो.

तिने हाक मारली होती का, एवढंच मला हवं होतं. ते कोणी सांगू शकत नव्हतं.

मी मूळचा इचलकरंजीचा. नऊ वर्षं यंत्रमागावर जॉबर होतो, म्हणजे माग बिघडला की दुरुस्त करणारा. उल्का त्याच शेडमध्ये कांड्या भरायची, म्हणजे मागासाठी सूत गुंडाळायची. माझा डावा कान तिथेच गेला. चाळीस माग एकदम चालू असले की हाक मारून उपयोग नसतो. मागाच्या चौकटीवर थाप मारायची, ती दुसऱ्याच्या हाताला कळते. एक थाप म्हणजे इकडे बघ. दोन म्हणजे चालू दे. लग्न ठरायच्या आधीचं आमचं बहुतेक बोलणं असंच झालं.

लग्नानंतर ती घरात 'अहो' म्हणायची आणि मी ओ द्यायचो. कॅनडात आल्यावर मी बेकरीच्या कारखान्यात मेंटेनन्सला लागलो. तिथे उजवा कानही अर्धा गेला. मग तिला दोन-दोनदा हाक मारावी लागायची. तिसऱ्यांदा म्हणायची, ओ द्या हो, मी भिंतीशी बोलत नाहीये.

व्हिएतनामची टूर तिनेच ठरवली होती. समुद्रकिनारे आणि देवळं बघायला नव्हे. खेड्यात राहायचं, तिथल्या लोकांबरोबर चटया विणायच्या, भाताचे पातळ पापड बांबूच्या ताटीवर वाळत घालायचे, मडकी करायची. आम्ही राहतो त्या ब्रॉसार्डमध्ये व्हिएतनामी वस्ती मोठी आहे. त्यांच्यातली लिन्ह नावाची एक पन्नाशीची बाई दर फेब्रुवारीत दहा-बारा लोकांना तिकडे घेऊन जाते. आमच्या मराठी मंडळातली देवयानी आणि तिचा नवरा जयदीप हे दोघेही जाणार होते. उल्का मला म्हणाली होती, जन्मभर यंत्राचं विणलेलं बघितलं, एकदा हाताने विणू.

मी जाणार नव्हतो. एडमंटनहून ईशानी, आमची मुलगी, रोज फोनवर सांगायची, बाबा, यू शुड गो, आई वुड वाँट इट. मी हो हो म्हणायचो. निघण्याआधी लिन्ह सगळ्यांना एक दिवस आपल्या आईच्या फार्मवर नेते आणि मागावर बसवते, म्हणजे गावात पोचल्यावर पहिल्याच दिवशी कुणाची पाठ धरत नाही. त्या दिवशी समोरासमोर 'नाही' सांगून यावं, असं मी ठरवलं. फोनवर मला लोकांचं नीट ऐकू येत नाही.

जानेवारीचा तिसरा रविवार होता. बाहेर उणे एकवीस. देवयानीने मला गाडीत घेतलं. ब्रॉसार्डपासून दक्षिणेला तासाभरावर, अमेरिकेच्या सीमेच्या अलीकडे, सपाट शेतं आहेत. सगळीकडे बर्फ, मधे मक्याची कापलेली खुंटं. रस्ताभर जयदीप जीपीएसशी भांडत होता आणि देवयानी त्याच्याशी.

फार्मवर पूर्वी गाईंचा गोठा होता. आता तिथे पत्र्याची भिंत, सिमेंटची जमीन, दोन मोठे हीटर आणि तीन माग. माग म्हणजे जमिनीपासून वीतभर उंचीची लाकडी चौकट, त्यावर तागाच्या सुतळीचा ताणा, म्हणजे उभ्या ताणलेल्या दोऱ्या. मधे एक जाड लाकडी फणी, तिच्या भोकांतून सगळ्या सुतळ्या गेलेल्या. गवत लव्हाळ्याच्या जातीचं, पुरुषभर उंच, वाळवून रंगवलेलं. त्याला ओल्या मातीचा आणि चहाच्या भुकटीचा वास येत होता.

हा माग एकट्याने चालत नाही. एक जण ताण्यावर टाकलेल्या फळीवर बसून फणी मारतो. दुसरा त्याच्या उजवीकडे बसतो, लांब बांबूच्या सळीच्या टोकाला गवताची एक काडी अडकवतो आणि ताण्यातून आरपार सारतो. सळी बाहेर आली की फणी आपटायची. मग पुढची काडी. सळी आत असताना फणी मारली तर सळी मोडते, नाही तर सारणाऱ्याची बोटं चेचतात. म्हणून जोडीने बसलेल्या दोघांना एकमेकांची लय कळावी लागते.

लिन्हला मी बाजूला घेऊन सांगितलं की मला जमणार नाही. तिला उल्काचं माहीत होतं. तिने माझा हात धरला आणि म्हणाली, ठीक आहे, पण आलाच आहात तर एक तास बसा, आईने तुमच्यासाठी तिसरा माग लावून ठेवला आहे. तिची आई ऐंशीच्या पुढची, कमरेत वाकलेली, बोलणं फक्त व्हिएतनामी. तिने मला फळीवर बसवलं आणि स्वतः उजवीकडे मांडी घातली.

तिन्ही माग सुरू झाले. पत्र्याच्या गोठ्यात आपटण्याचा आवाज घुमायला लागला, कानात शिट्टी वाजायला लागली. मी मशीन काढून खिशात ठेवलं. ठेवताना नोव्हेंबर आठवला. पण हात कामाला लागले होते.

म्हातारीने पहिली काडी सारली. मी फणी मारली. दुसरी, तिसरी. दहा-बारा ओळींत मला लय मिळाली. एका काडीचा जाड बुंधा या काठाला, तर पुढचीचा त्या काठाला, म्हणजे चटई एका बाजूला फुगत नाही. म्हातारी ते न बघता करायची. तिने माझ्याकडे बघून मान हलवली, म्हणजे पास.

शेजारच्या मागावर देवयानी फणीवर होती आणि जयदीप काड्या सारत होता. त्यांची सळी दोनदा अडकली. मला ऐकू येत नव्हतं, पण तिचे ओठ वाचता आले. तू लॉजिक सांगू नकोस, नुसती काडी दे. मग त्यांची सुतळी तुटली. जयदीपने हात वर केले. म्हातारी उठली आणि त्यांच्याकडे गेली.

मी थांबलो. फणी हातात तशीच धरून.

काडी आली.

ती डावीकडून आली. बांबूची सळी ताण्यातून सरळ माझ्यासमोरून गेली, काडी सोडली आणि मागे गेली. मला वाटलं टूरमधल्या क्युबेकच्या बायकांपैकी कोणी येऊन बसली असेल. आमच्यात दोन रिटायर्ड नर्सेस होत्या, उत्साही. मी फणी मारली. शेडमध्ये असताना मान कधी वळवायची नसते, नजर कापडावर ठेवायची. ती सवय गेलेली नाही.

दुसरी काडी आली. बुंधा उलटा. तिसरी, पुन्हा उलटा. नवशिक्या माणसाला हे पहिल्या दिवशी जमत नाही, असं मनात आलं. मग ते मनातून गेलं. लय चांगली होती. म्हातारीपेक्षा चांगली. मी फणी मागे घेतली की सळी आत, मी पुढे झुकायच्या आत ती बाहेर. किती वेळ गेला ते मला माहीत नाही. माझी पाठ दुखत नव्हती. हातांना घाम आला होता.

मग माझी चूक झाली. म्हातारीने सुतळीला गाठ मारून झाल्यावर मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. मी तिच्याकडे बघितलं. तेवढ्यात सवयीने फणी मारली गेली. सळी आत होती.

फणीखाली काहीतरी मऊ आलं.

लाकडावर लाकूड बसलं की धक्का कोपरापर्यंत येतो. हा आला नाही.

मी फणी मागे ओढली. लागलं का, असं म्हणालो. मराठीत म्हणालो, हे नंतर लक्षात आलं.

चौकट हलली. दोनदा. उघड्या हाताची थाप. आधी फळीतून मांडीला कळली, मग फणीच्या लाकडातून तळव्यांना.

चालू दे.

मी डावीकडे बघितलं नाही. का नाही ते नीट सांगता येत नाही. भीती वाटली असं म्हणता येणार नाही. बघितलं तर काम थांबेल, असं वाटलं.

समोर चटई होती, हिरव्या आणि लाल पट्ट्यांची, वीतभर झालेली. मी तिच्याकडे बघत विचारलं, "त्या दिवशी हाक मारली होतीस का गं?"

मी फणी सरळ केली.

"मशीन काढलं होतं मी. टायर लावत होतो."

मग चौकट पुन्हा हलली. दोनदा. आणि पुढची काडी आली.

हे होही नाही आणि नाहीही नाही. पण छातीत नोव्हेंबरपासून जे बसलं होतं ते सुटलं. मी फणी मारली. रडत होतो, पण लय मोडली नाही.

देवयानीने खांद्यावर हात ठेवला तेव्हा मी थांबलो. मशीन कानात घातलं. बाकीचे माग बंद होते, लोक सूप प्यायला उठले होते.

ती म्हणाली, "काका, तुम्ही एकट्याने एवढं कसं केलंत? आमची चार बोटं विणून झाली आणि त्यातही भांडण."

मी डावीकडे बघितलं. डावीकडे पत्र्याची भिंत होती. चौकटीचं डावं टोक आणि भिंत यांच्यात माझी चार बोटं मावत होती. पुरुषभर लांबीची सळी तिथून आत सारता येणार नाही. चौकट सरकवली असेल म्हणून मी वाकून बघितलं. ती जमिनीला बोल्टने पक्की होती, आणि बोल्टवर जुना गंज होता. मी मेंटेनन्सचा माणूस आहे. दोनदा बघितलं.

म्हातारी आली. तिने चटईवरून हात फिरवला, काठ चाचपला आणि लिन्हला काहीतरी म्हणाली. लिन्ह जरा घुटमळली. मग म्हणाली, आई म्हणते, हे खूप वर्षं एकत्र काम केलेल्या दोघांचं विणकाम आहे. आणि ती विचारते आहे, टूरमध्ये तुमच्या दोन जागा ठेवायच्या की एक.

मी म्हणालो, "मी येतोय. दोन्ही राहू दे."

लिन्हने यादीत तसं लिहून घेतलं. म्हातारीने सूप आणलं, मी दोन वाट्या प्यालो. परतीच्या वाटेवर देवयानी म्हणाली की काका, आज पहिल्यांदा तुम्ही जोक केलात. काय जोक केला होता ते आठवत नाही. त्या दिवशी घरी आल्याबरोबर सोफ्यावर झोप लागली ती सकाळपर्यंत. उठून मी उल्काच्या कपड्यांच्या घड्या केल्या, ते नोव्हेंबरपासून ड्रायरवर तसेच पडले होते. ईशानीला फोन केला आणि बॅग कोणती घेऊ ते विचारलं. ती रडली आणि म्हणाली, बाबा, ब्लू वन, तिला चाकं आहेत.

निघायच्या आधी कानाची वर्षाची तपासणी करून घेतली. विमानात मशीन बिघडलं तर पंचाईत. तपासणारी बाई नवीन होती, तरुण, फ्रेंच वळणाचं इंग्लिश बोलणारी. काचेच्या खोलीत बसवतात, दोन्ही कानांवर हेडफोन लावतात, दोन्ही हातांत एकेक बटण देतात. ज्या कानात आवाज आला त्या बाजूचं दाबायचं. दर वर्षी उजव्या कानाला थोडे आवाज येतात. डाव्याला वीस वर्षांत एकही आलेला नाही.

ती आधी उजवा कान तपासणार होती. मी बसलो आणि बटण दाबायला लागलो. काही मिनिटांनी तिने दार उघडलं.

"सर, डावीकडचा दिवा लागतोय," ती म्हणाली. "डावं बटण तुम्ही दाबताय. पण मी अजून काहीच सुरू केलेलं नाही, दोन्ही बाजू बंद आहेत."

मी म्हणालो, मला स्पष्ट ऐकू आलं.

"काय ऐकू आलं?"

मी सांगितलं, बायको हाक मारत होती.

तिने कागदावर बघितलं. तिथे अकरा खुणा होत्या. तिने जपून विचारलं, मग तुम्ही काय केलं?

"ओ दिली," मी म्हणालो. "अकराही वेळा."