दाबलेलं शीत

पातेल्यावरचं झाकण खडखडलं आणि घरातली शांतता मोडली. शर्वाणी तिरोडकरने गॅस बारीक केला, पण भिंतीवरच्या दर्शकपटावरून नजर हटवली नाही. कुर्ली बेटांवरचं युद्ध सकाळीच संपलं होतं. अकरा तास चाललं. जिवंत राहिलेल्यांची यादी अजून यायची होती आणि तिला त्यात एकच नाव हवं होतं : भार्गव. तिचा धाकटा भाऊ, सैन्यात रडार दुरुस्त करणारा.

बेटं म्हणजे दोन खडक. प्यायला पाणी नाही, झाड नाही, पक्ष्यांची विष्ठा तेवढी गुडघाभर. सहा वर्षांपूर्वी त्यांच्यासाठी दोन देश चाळीस दिवस लढले आणि नऊ हजार माणसं मेली. त्यानंतर संख्याशास्त्रज्ञ शर्वाणीने 'नमुनायुद्धा'ची कल्पना मांडली. ती सुचली याच ओट्यापाशी. भात झाला का हे पाहायला आपण एक शीत दाबतो, अख्खं पातेलं चिवडत नाही. मग अख्खं सैन्य तरी कशाला? दोन्हीकडून चिठ्ठ्या टाकून दोनशे चाळीस दोनशे चाळीस सैनिक निवडायचे. ते बेटावर लढतील. सगळं सैन्य लढलं असतं तर कोण जिंकलं असतं, याचं गणित 'निर्णययंत्र' क्षणाक्षणाला करत राहील, आणि शंभरात पंच्याण्णव इतकी खात्री पटली की सगळ्यांची शस्त्रं बंद पाडेल.

करार झाला. तिला पदक मिळालं. तेव्हा जाई पोटात होती. हिला मोठं युद्ध बघावं लागणार नाही, या विचाराने शर्वाणी व्यासपीठावरच रडली होती.

यंदा पहिल्यांदा चिठ्ठ्या निघाल्या. "ताई, तुझं शीत निघालं गं," भार्गव फोनवर हसत म्हणाला होता.

दर्शकपट उजळला. संरक्षण प्रयोगशाळेतले तिचे वरिष्ठ, डॉ. साठम, दिसले. त्यांच्या मागे पेढे वाटणं चाललं होतं. आपण जिंकलो होतो. आपले एकशे सदतीस गेले, त्यांचे एकशे एक्कावन्न. आलेख फार सुबक आलाय, असं मंत्र्यांनीही म्हटल्याचं साठमांनी आवर्जून सांगितलं. त्यांच्या मिशीला पेढ्याचा कण चिकटला होता.

"सर, भार्गव?"

"आहे. खरचटलंय नुसतं."

ती ओट्याला टेकून खालीच बसली. तो परत कधी येतोय असं तिने तिथूनच विचारलं, तेव्हा साठमांनी हातातला अर्धा पेढा खाली ठेवला.

"हरलेल्यांनी फेरचाचणी मागितलीय. पंच्याण्णव म्हणजे शंभरात पाच निकाल चुकणार. ते म्हणतात, हा निकाल त्या पाचांतला. आता नव्व्याण्णवची खात्री हवी."

"मग पुन्हा चिठ्ठ्या टाका."

"नाही टाकता येत. कलम नऊ. नमुना मध्येच बदलायचा नाही. उरलेत त्यांनीच पुढे लढायचं."

कलम नऊ तिनेच लिहिलं होतं. अर्ध्यावर कुणी निवडक कमांडो घुसवले तर प्रयोग नासेल, म्हणून. तेव्हा तिला फक्त प्रयोगाची काळजी होती. 'उरलेले' म्हणजे घरी यायला निघालेली माणसं, हे तिच्या मनातही आलं नव्हतं.

तिने मनातल्या मनात आकडे मांडले. पंच्याण्णवची नव्व्याण्णव करायची तर मृत्यू दुप्पट लागतात. आजवर दोनशे अठ्ठ्याऐंशी झाले. अजून तितकेच हवेत.

"सर, दोन्हीकडचे मिळून एकशे ब्याण्णवच उरलेत. सगळे मेले तरी खात्री पुरी होणार नाही. यंत्र शस्त्रं बंद पाडणारच नाही."

"आम्हीही मांडून पाहिलं," साठम म्हणाले.

"आणि मग?"

"मग नवा नमुना. या वेळी मोठा घ्यावा लागेल." त्यांनी अर्धा पेढा पुन्हा उचलला. दर्शकपट विझला.

भात करपल्याचा वास आला. शर्वाणी उठली, झाकण काढलं, आणि इतक्या वर्षांच्या सवयीने एक शीत उचलून दोन बोटांत दाबलं. ते चपटं होऊन बोटाला चिकटलं.

जाई स्टुलावर चढून बघत होती. तिने आईचं बोट धरून ते शीत डोळ्यांजवळ नेलं, मग पातेल्यात वाकून पाहिलं.

"आई, एवढी सगळी शितं होती ना? मग तू हेच का दाबलंस?"