कप्पा करकरला

"चोरी झाली. ताबडतोब या. बंडोपंत."

एवढीच तार. महादेवरावांनी ती वाचली, घडी करून खिशात टाकली आणि वर्ध्याहून सिंदीकडे जाणारी सकाळची पॅसेंजर पकडली. बापूराव बरोबर होतेच.

महादेवरावांचा मूळ धंदा कापसाच्या गंजींना लागलेल्या आगींचा. आग लागली की लावली, हे विमा कंपन्यांना शोधून द्यायचं. त्यातूनच खाजगी तपासाची कामं येऊ लागली. बापूराव निवृत्त पोस्टमास्तर. बायको गेल्यापासून त्यांना घर खायला उठायचं, त्यामुळे महादेवरावांनी हाक मारायच्या आतच ते टोपी घालून तयार असत. तपासात आपली मदत होते असं त्यांना वाटे. महादेवरावांनी तो गैरसमज कधी दूर केला नाही, हा त्यांचा चांगुलपणा.

सिंदी स्टेशनपासून बंडोपंतांचं घर कोसभर. वैशाखाचं ऊन सकाळीच डोक्यावर आलं होतं. गाडीवान पुनाजीची बैलांची दमणी अर्ध्या वाटेत एका विहिरीपाशी थांबली.

"कायले थांबला रे?" बापूराव वैतागले.

"धाव ढिली झाली जी," पुनाजी चाकाच्या लोखंडी पट्ट्यावर हात मारत म्हणाला. "उनानं लाकूड आटलं. चाकाले पाणी पाजतो, नाई त धाव रस्त्यातच पडल."

त्यानं चाकांवर चार बादल्या ओतल्या. बैलांनाही पाजलं. बापूरावांनी घड्याळ पाहिलं आणि उसासा सोडला. महादेवराव खाली उतरून चाकाकडे पाहत उभे राहिले. त्यांना कशाकडेही पाहत उभं राहायला आवडायचं.

बंडोपंत मास्तर ओसरीवर वाळ्याच्या ताटीआड बसले होते. सत्तरीचे, वाळलेले, डोळ्यांवर जाड भिंगं. इंग्रजी शिकवण्यात त्यांची हयात गेली. निवृत्तीनंतर सहा वर्षांपूर्वी ते या आडबाजूच्या घरात येऊन राहिले, आणि तेव्हापासून एकच ध्यास: इंग्रजी-मराठी कोश. एकेका शब्दाचं एकेक कार्ड.

"शेवटच्या अक्षरांचा डबा गेला," ते म्हणाले. "बिस्किटांचा पत्र्याचा डबा होता. काल दुपारी गेला. मीरा म्हणते, धुरपतानं नेला. आज संध्याकाळपर्यंत सापडला नाही तर ती पोलीस पाटलाला बोलावणार."

"धुरपता कोण?"

"घरकाम करते. गोंडाची आहे, इथलीच. मी आलो तेव्हापासून माझं सगळं तीच बघते." मास्तर थांबले. "दिवसभरात माझ्याशी बोलणारं दुसरं कोणी नाही, महादेवराव. तिला पाटलाच्या दारात उभं केलं, तर गावात तिला कोण उभं करील?"

"तुम्हाला काय वाटतं? तिनं नेला?"

मास्तरांनी भिंगं पुसली. बराच वेळ पुसली.

"मला काही कळेनासं झालंय," ते म्हणाले.

कपाट आतल्या खोलीत होतं. सागवानी, जुनं, खाली लांब कप्पा. महादेवरावांनी कडी धरून ओढली. कप्पा असा सुळकन बाहेर आला की बापूरावांच्या पायावरच आदळायचा. त्यांनी उडी मारली म्हणून अंगठा वाचला.

महादेवरावांनी कप्प्याच्या दोन्ही कडांवरून बोट फिरवलं आणि बोट नाकाशी नेलं. तेल नाही, मेण नाही, साबण नाही. बोटाला लागली ती फक्त कोरडी धूळ.

"हा तुम्ही रोज उघडता?"

"होळीनंतर हात लावला नाही. एका शब्दावर अडून बसलोय. काल संध्याकाळी माझा विद्यार्थी नरहर आला, त्यानं पाहिलं तर कप्पा अर्धा उघडा आणि डबा गायब."

खोलीत बसायला खुर्ची एकच. बापूराव कोपऱ्यातल्या ट्रंकेवर टेकायला गेले. ट्रंकेवर थंडीतल्या रजया रचून वर चादर टाकलेली होती. त्या नुसत्या पाहूनच त्यांना घाम फुटला आणि ते उभेच राहिले. खोलीभर वावटळीची धूळ होती, कपाटावर, खिडकीत, खुर्चीच्या हातांवर. चादर तेवढी झटकलेली, स्वच्छ होती.

मीरा पाणी घेऊन आली. चाळिशीची, नीटनेटकी, डोळ्यांखाली जागरण. पितळी तांब्या तिनं फरशीवर ठेवला तो इतका अलगद, की बापूरावांना तो ठेवल्याचं कळलंच नाही.

"तुम्ही नेहमी येता इथं?" महादेवरावांनी विचारलं.

"या घरी पहिल्यांदाच आले. चार दिवस झाले." ती वडिलांकडे न पाहता म्हणाली. "आमचे हे फिरतीवर असतात. नागपूरला मी एकटीच. म्हटलं, बाबांना घेऊन जावं. दोन माणसं दोन गावांत एकटी राहण्यापेक्षा एका घरात राहिलेली बरी. पण बाबांचं एकच, कोश पुरा होईपर्यंत हलणार नाही, आणि इथं धुरपता आहेच."

"काल दुपारी काय झालं?"

"बाबा ओसरीवर झोपले होते. मी माजघरात पडले होते. डोळा लागला तोच कप्प्याच्या आवाजानं जाग आली. आधी करकरला, मग मध्येच अडकला, मग हिसक्यानं बाहेर आला. उठून पाहते तो धुरपता परसाकडे चाललेली. पदराखाली काहीतरी होतं."

"तेव्हाच का नाही बोललात?"

"वाटलं, काही कामाचं घेतलं असेल. संध्याकाळी कळलं."

"त्या डब्यातली कार्डं तुम्ही पाहिली होती?"

"मी?" ती कडवट हसली. "बाबांच्या कागदांना हात लावायचा नाही, हे मी चालायच्या आधी शिकले. या घरातलं एक अक्षर मी पाहिलेलं नाही."

महादेवरावांनी मास्तरांकडे पाहिलं. "कोशाबद्दल, या कपाटाबद्दल पत्रातून कधी लिहिलंत यांना?"

"आमची पत्रं खुशालीपुरती," मास्तर म्हणाले. बापूरावांना आपल्या नाशिकच्या मुलाची पत्रं आठवली. तीही खुशालीपुरतीच असत.

धुरपता परसदारच्या ताटीवर पाणी मारत होती. उंच, काळी, पन्नाशीची बाई. तिनं बादली खाली ठेवली, पण हात जोडले नाहीत.

"काल दुपारी कुठं होतीस?"

"अथीच. ताटीवर पाणी टाकून राह्यली होती. रोजच टाकतो जी. मास्तरले गरमीचा तरास होते."

"कप्पा उघडल्याचा आवाज आला?"

"नाई आला."

"पदराखाली काय होतं?"

"पदराखाली कायचं? पदर ओला करून डोक्शावर घेतला होता. उनाचं काम हाय." ती थांबली. "मले वाचता येत नाई. ते कागदं मी काऊन नेईन? चुलीत घालाले? चुलीले लाकडं हायत घरी."

"मग मीराताई खोटं बोलतात म्हणतेस?"

"मी कोनाले काई म्हनत नाई. ते पोरगी हाय त्यायची." तिनं पुन्हा बादली उचलली. "मी कामाची बाई हाय."

"उचलली जीभ लावली टाळ्याला, असं नाही हो हिचं," बापूराव हळूच म्हणाले. "पण मीराताईंनी तर आवाज ऐकलाय. मला वाटतं हा नरहरच..."

नरहर गावातच मुक्कामाला होता. मास्तरांचा जुना विद्यार्थी, आता स्वतः प्राध्यापक. दर महिन्याला येऊन कार्डं पाहून जाई. डबा वर्ध्याला नेऊन शेवटची अक्षरं आपण पुरी करतो, असं तो दोनदा म्हणाला होता आणि दोन्ही वेळा मास्तरांनी त्याला झिडकारलं होतं. बापूरावांनी मनातल्या मनात त्याला बेड्या घातल्या.

"मी काल संध्याकाळच्या गाडीनं आलो," नरहर म्हणाला. "पुनाजीच्याच दमणीत बसून. विचारा त्याला."

बापूरावांना बेड्या काढाव्या लागल्या.

"मास्तर अडले तो शब्द कुठला?" महादेवरावांनी विचारलं.

"अनस्मूथली." नरहरला हसू आलं. "इंग्रजांच्या तोंडीही क्वचितच येतो. त्यांना त्याच अर्थाचे सोपे शब्द आहेत. पण छापील कोशात आहे, म्हणून सर सोडेनात. तीन छटा काढल्या त्यांनी. एक स्पर्शाची, म्हणजे भिंत खडबडीत लिंपली, तशी. दुसरी गतीची, अडखळत, हिसके खात. तिसरी माणसांची, म्हणजे दोन माणसांचं पटत नाही, बोलण्यात कुरबूर होते, ती. सरांना तिन्हींना पुरेल असा एकच मराठी शब्द हवा होता. श्रावणात कार्ड लिहिलं, ते अजून डब्यात सगळ्यात वर पडलंय."

"तुम्ही पाहिलंत ते लिहिताना?"

"समोरच होतो. बाहेर झड लागली होती. सर डबा काढायला गेले आणि कप्प्याशी झटापट करून बसले. परत आले ते हसतच. म्हणाले, दुसऱ्या छटेला उदाहरण मिळालं. आणि लिहिलं: कप्पा करकरला, मध्येच अडकला आणि हिसक्यानं बाहेर आला."

महादेवरावांनी डोळे मिटले. बापूरावांना वाटलं, उन्हानं झोप येतेय.

उन्हं कलली तशी मीरानं पोलीस पाटलाकडे निरोप धाडायची तयारी केली. महादेवरावांनी तिला थांबवलं आणि सगळ्यांना कपाटाच्या खोलीत बोलावलं. धुरपता दाराबाहेरच उभी राहिली.

"मीराताई, एक काम करा. काल ऐकलात तो आवाज मला ऐकायचाय. हा कप्पा उघडून दाखवा."

मीरा पुढं झाली. तिनं कडी धरली. कप्पा मुकाट बाहेर आला.

"तुमचा हात हलका आहे. जोरानं ओढा."

तिनं आत ढकलून पुन्हा ओढला, या वेळी हिसका देऊन. कप्पा पूर्ण निघून तिच्या हातात आला. करकर नाही, अडकणं नाही. मीराचा चेहरा उतरला.

"हा कप्पा करकरतो, मास्तरांनी खोटं लिहिलेलं नाही," महादेवराव म्हणाले. "पण श्रावणात. झडीत सागवान फुगतं, फळी फळीला घासते. वैशाखात तेच लाकूड आटतं. सकाळी आमच्या दमणीची धाव त्यानंच ढिली झाली होती. कप्प्याला तेल-मेण काही लावलेलं नाही, मी बोटानं पाहिलंय. म्हणजे काल दुपारी तो वाजलाच नाही, वाजणं शक्यच नव्हतं. जो वाजलाच नाही, तो तुम्हाला ऐकू कसा आला?"

मीरानं हातातला कप्पा खाली ठेवला.

"पावसाळ्यात तुम्ही या घरी कधी आला नाहीत. वडिलांनी पत्रात लिहिलं नाही. मग करकरणं, अडकणं, हिसका, हे तीन शब्द याच क्रमानं तुम्हाला कुठून मिळाले? ते या जगात एकाच ठिकाणी लिहिलेले होते, डब्यातल्या सगळ्यात वरच्या कार्डावर. तुम्ही म्हणता, कार्डं पाहिली नाहीत. ज्यानं डबा घेतला, त्यानंच ते कार्ड पाहिलं."

"पण महादेवराव," बापूरावांना राहवेना, "यांनी कप्पा स्वतः उघडला असेल तर तो वाजत नाही हे यांना माहीत असणारच की!"

"हाच प्रश्न मलाही पडला होता. तुम्ही तांब्या ठेवलेला ऐकलात? नाही ना? यांचा हातच असा. कप्पा निमूट आला, तो आपण हळू ओढला म्हणून, असं यांना वाटलं. नंतर कार्ड वाचलं. वडिलांनीच लिहिलंय करकरतो, म्हणजे वडील यावर विश्वास ठेवणार. आणि मास्तर लिहिलेल्यावर विश्वास ठेवतात, हे यांच्याइतकं कोणाला ठाऊक?"

त्यांनी ट्रंकेवरची चादर ओढली. "घरभर धूळ, आणि वैशाखात जिला कोणी शिवत नाही तेवढीच चादर झटकलेली." त्यांनी रजयांच्या घडीत हात घातला आणि बिस्किटांचा डबा बाहेर काढला.

मास्तरांनी डबा घेतला, पण उघडला नाही.

"का गं?" त्यांनी विचारलं.

"कोश असेपर्यंत तुम्ही इथून हलणार नव्हता. ही असेपर्यंत हलणार नव्हता." मीराचा आवाज फाटला. "दोन्ही गेलं असतं तर माझ्याकडे आला असता. मला दुसरं काही नको होतं, बाबा. माझ्या घरात दिवसभर कोणी बोलत नाही हो."

तिचा राग करावा हे बापूरावांना कळत होतं, आणि राग येत नव्हता.

मग सगळ्यांच्या लक्षात आलं की दाराशी धुरपता नाही. ती स्वयंपाकघरात होती. तिनं रात्रीच्या भाकरी थापून झाकून ठेवल्या होत्या, रांजण भरला होता. आता ती आपलं लुगड्याचं गाठोडं बांधत होती.

"धुरपता, तुझ्यावरचा आळ गेला ना," बापूराव उत्साहानं म्हणाले. "आता कोणी काही म्हणणार नाही."

"हो जी. देव भलं करो तुमचं." तिनं गाठ आवळली.

मास्तर डबा पोटाशी धरून आले. "कुठं निघालीस?"

"आंजीले. भाऊ हाय माहा तथी."

"उद्या येशील ना?"

"नाई येत, मास्तर."

"अगं, चूक झाली. मीराची चूक झाली."

"पोरीचं मले काई नाई वाटलं. तिले बाप पायजे होता." धुरपतानं गाठोडं डोक्यावर घेतलं. "मी चोर नाई, हे या पाव्हन्यानं सांगतलं. आज सकाळपासूनच मले जानतो तो. सा वर्सं माह्या हातचं खाल्लं तुमी. तुमी काऊन नाई सांगतलं?"

ती अंगणातून, मग फाटकातून गेली. उन्हात तिची सावली लांब पडली होती. मास्तर फाटकापर्यंत गेले, तिथं हात ठेवून थांबले. ती वाटेच्या वळणाआड दिसेनाशी झाली, तरी ते उभेच होते. कोणी त्यांना बोलावलं नाही.

बऱ्याच वेळानं ते परत आले. डबा त्यांनी ओसरीवर, ताटीच्या ओल्या ओघळातच ठेवला. कागद भिजतील, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही. नरहरनं धावत जाऊन उचलला.

"मीरा," मास्तर म्हणाले, "नागपूरची गाडी किती वाजता आहे?"

"बाबा, मी..."

"निघू या. इथं आता काय आहे?"

सहा वर्षं जे ऐकायला तिचे कान आसुसले होते, तेच तिला मिळालं होतं. मीरानं बापाच्या चेहऱ्याकडे पाहिलं. त्यावर राग नव्हता, माया नव्हती, काहीच नव्हतं. ती ओसरीच्या पायरीवर बसली आणि तोंडात पदर कोंबून रडू लागली. मास्तर आत गेले आणि एकटेच सामान बांधू लागले.