होकार कुणाच्या प्रश्नाला?

"मी होकार दिलाच नाही," धाकटी म्हणाली. "आणि त्याच होकारावर कोर्टानं माझी पोर बापाला दिली. सोमवारी तो तिला घेऊन परगावी जाणार."

लहानपणी तापात तिचे कान गेले होते. समोरच्याचे ओठ वाचून ती बोलणं समजून घेई. आताही ती वहिनींच्या तोंडावरून नजर हलवत नव्हती. शेजारी तिची थोरली बहीण पदराचं टोक पिळत बसली होती.

वहिनी खाजगी तपासाची कामं घेत. त्यांचे दीर, म्हणजे भाऊजी, बँकेतून निवृत्त झाल्यापासून त्यात लुडबुड करत.

"कोर्टात नेमकं विचारलं काय?" भाऊजींनी विचारलं.

धाकटी त्यांच्या झुपकेदार मिशांकडे बघत राहिली, मग थोरलीकडे वळली. थोरलीनं तोच प्रश्न आवाज न करता, नुसत्या ओठांनी सांगितला.

"मुलगी शाळेत जाते का, एवढंच," धाकटी म्हणाली.

वकिलांनी मिळवलेलं सुनावणीचं रेकॉर्डिंग वहिनींनी लावलं. पंख्याची कुरकुर, आणि तिच्यातून न्यायाधीशांचा आवाज: "मुलगी वडिलांकडे राहील, तुम्ही तिला भेटायला जाल, या व्यवस्थेला तुमची संमती आहे का?"

प्रश्न अर्ध्यावर असतानाच धाकटीचं उत्तर आलं होतं. "हो, रोज."

वहिनींनी तो तुकडा डोळे मिटून पुन्हा पुन्हा ऐकला.

"कापाकापी केलीय," भाऊजी जिना उतरताना म्हणाले. "नवऱ्याचाच हात असणार."

नवरा छापखान्यात भेटला. हाताची शाई पुसत म्हणाला, "मी साक्षीदार घेऊन भांडायच्या तयारीनं गेलो होतो. तिनं एका शब्दात सोडून दिलं. मीच चाट पडलो."

"तुम्ही कुठं बसला होतात?"

"मागच्या बाकावर. तिची पाठ तेवढी दिसत होती."

कोर्टातल्या कारकुनानं रेकॉर्डिंगचं कपाट दाखवलं. "किल्ली न्यायाधीश साहेबांकडे असते. साहेब खाली मान घालून कागदातून प्रश्न वाचतात. बाईंची अडचण होईल म्हणून त्यांच्या बहिणीला समोर बसवलं."

"बहीण मोठ्यानं सांगत होती?"

"छे. ज्यांना ऐकूच येत नाही, त्यांना मोठ्यानं कशाला सांगायचं?"

बाहेर आल्यावर भाऊजी म्हणाले, "मला तर आता हा कारकूनच संशयास्पद वाटतोय."

वहिनी हसल्या नाहीत. रविवारी त्यांनी दोघी बहिणींना बोलावलं आणि धाकटीच्या अगदी समोर बसल्या.

"रेकॉर्डिंग खरं आहे. कापलं असतं, तर पंख्याची कुरकुर कुठंतरी तुटली असती. ती शेवटपर्यंत एका लयीत आहे."

"मग ही खोटं बोलते?" भाऊजी म्हणाले.

"तीही खरंच बोलते. साहेबांचा प्रश्न पुरा व्हायच्या आत तिनं उत्तर दिलं, कारण तिला विचारलेला प्रश्न छोटा होता. तो आधीच संपला होता. आणि संमतीच्या प्रश्नाला 'रोज' कोण म्हणेल? साहेबांना वाटलं, रोज भेटायला जाईन म्हणते. शाळेचा प्रश्न मात्र त्या उत्तराला चपखल बसतो. साहेबांची मान खाली, नवरा पाठीमागे. त्या खोलीत तिला एकच तोंड दिसत होतं."

धाकटीनं सावकाश मान वळवली.

थोरलीनं हातातला पदर सोडून दिला. "पोर बाथरूममध्ये कोंडली गेली होती," ती म्हणाली. "दार बडवून हात सुजले तिचे. ही स्वयंपाकघरात, पाठमोरी. मी पोचले नसते तर? मला ते डोळ्यांपुढून जाईना. बापाला निदान ऐकू तरी येतं."

"कड्या मी त्याच संध्याकाळी काढल्या," धाकटी म्हणाली. "घरातल्या सगळ्या दारांच्या. तू विचारलं नाहीस. साहेबांनाही विचारू दिलं नाहीस."

थोरलीनं दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. मग वकिलांना फोन तिनंच लावला.

सोमवारी कोर्टानं तो आदेश थांबवला आणि थोरलीचा जबाब घेतला. नव्या सुनावणीत न्यायाधीश खाली उतरून धाकटीसमोर खुर्ची घेऊन बसले. बाथरूमची हकिकत तिनं आपणहून सांगितली, काहीही न लपवता. तिचं बोलणं संपेपर्यंत कुणी मध्ये बोललं नाही. भाऊजींनी तर खोकलासुद्धा दाबून धरला.

मुलगी आईकडे राहिली, सुट्टीत वडिलांकडे.

बाहेर पायरीवर थोरली उभी होती. "घरी येऊ?" तिनं विचारलं.

धाकटीनं तिचे ओठ नीट वाचले.

"आज नको," ती म्हणाली आणि पोरीचा हात धरून बस थांब्याकडे निघाली.