मुळं धरली का?

मावशीचा दुरुस्त केलेला चष्मा पोचवायला तो आमच्या शोभेच्या माशांच्या दुकानात आला आणि चष्मा खिशातच ठेवून एका टाकीपुढे जो उभा राहिला… तो राहिलाच.

"मासे उजवीकडे आहेत," मी म्हणाले.

"मासे नकोत. हे… हे हिरवं काय आहे?"

टाकीच्या तळाशी केसांसारखं बारीक पाणगवत पसरलं होतं आणि त्याच्या पात्यापात्यावर हवेचे इवलेसे बुडबुडे चमकत होते. मी जीव लावून वाढवलं होतं ते. पण येणारं प्रत्येक गिऱ्हाईक माशांवर भाळायचं, गवताकडे ढुंकूनही बघायचं नाही. हा पहिलाच माणूस! मी हुरळले. तिथेच चुकले.

गल्लीच्या टोकाला त्याचं चष्म्यांचं दुकान. तिथे असंच गवत हवं म्हणाला. नंबर तपासायला आलेली माणसं बसतात त्या बाकासमोर मी टाकी मांडून दिली. ओल्या मातीत वाढवलेले गवताचे झुबके चिमट्याने एकेक करून तळाशी रोवले आणि बजावलं, "हे आजवर पाण्याबाहेर वाढलंय. आता जुनी पाती पिवळी पडतील, कुजतील. घाबरायचं नाही. मुळं धरली की नवी फुटतात. तोवर हात लावायचा नाही."

"अजिबात?"

"अजिबात!"

आठवड्याभरात फोन. "झुबके तरंगतायत."

गेले, पुन्हा रोवले. पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. तिसऱ्यांदा मी न कळवताच गेले, तर काय बघते! साहेबांच्या एका डोळ्याला भिंग, हातात चष्म्याचे स्क्रू धरायचा चिमटा, आणि चिमट्यात माझा झुबका, पाणी गाळत.

"हे काय चाललंय?"

"मुळं धरली का ते बघत होतो."

"उपटून?"

"उपटल्याशिवाय दिसणार कशी?"

मी कपाळावर हात मारला. "रोज उपटता?"

"तसं नाही… सकाळी एकदा. दुकान बंद करताना एकदा." मग जरा अभिमानानेच, "पण रांगेनं हं. सगळ्यांना सारखं."

घरी येऊन मी तणतणले, तर मावशी हसत सुटली. "अगं वेडे, गवताचं निमित्त! मुद्दाम उपटतो तो, तू यावीस म्हणून."

झालं! त्या दिवसापासून त्याचा फोन आला की मी आधी आरसा बघायचे, मग चिमटा शोधायचे. स्वतःचाच राग येई, पण पाय तिकडेच वळत. त्याच्या लांब बोटांची, त्याच्या मान तिरकी करून ऐकण्याची सवयच लागली मला. शेवटी एकदा धीर करून विचारलंच.

"खरं सांगा… तुम्ही हे मुद्दाम करता ना?"

"मुद्दाम?" तो दचकला. "छे! मुद्दाम कशाला कोण उपटेल?"

इतका निर्मळ चेहरा! सगळी टाकी त्याच्या डोक्यावर ओतावीशी वाटली. इतके दिवस मी काय समजत होते, आणि ह्याला खरोखरच फक्त गवत हवं होतं.

"मग ऐका," मी म्हणाले. आवाज कापला तो रागाने, असं मी स्वतःला सांगितलं. "पुन्हा हात लावलात तर मी येणार नाही. कध्धीच."

आणि त्या शहाण्याने ऐकलं की हो! फोन बंद. आठवडे गेले. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं अशी माझी गत. दुकानातला फोन वाजला की मी धावायचे आणि पलीकडून कुणीतरी माशांच्या खाण्याची चौकशी करायचं. मावशी काही बोलेना. तेही मला सहन होईना.

मग एका भुरभुर पावसाच्या दुपारी फोन आला. "तुम्ही… येऊ शकाल का?"

"पुन्हा उपटलंत?"

"नाही."

"मग सगळं कुजलं?"

"नाही. नवी पाती फुटलीत. दोन झुबक्यांच्या मधेसुद्धा."

"मग तक्रार काय आहे तुमची?"

"काहीच नाही. तीच तर तक्रार आहे."

मी छत्रीसुद्धा विसरले. टाकी हिरवीगार झाली होती आणि टेबलावर भिंग दिसत नव्हतं.

"कुलपात ठेवलंय," तो म्हणाला. "किल्ली शेजारच्या शिंप्याकडे. मोह नको."

मला हसू आलं, पण मी ते दाबलं.

"मी मुद्दाम उपटत नव्हतो, खरंच," तो खाली बघत म्हणाला. "पण तुम्ही यायचं थांबलात आणि… गवत इतकं छान आलंय, तरी मी दिवसभर दाराकडेच बघतो. मला तुम्ही आवडता. फार."

"हे आत्ता कळलं? अख्ख्या गल्लीला चष्मे देता ना?"

"दिव्याखाली अंधार," त्याने मुकाट्याने कबूल केलं.

माझे डोळे भरले होते, पण जिभेला कुठली अक्कल! "नक्की ना? का नुसती सवय झालीय? उद्या म्हणाल—"

"हे तू मला रोज विचारणार आहेस?"

तू! "सकाळी एकदा," मी म्हणाले. "दुकान बंद करताना एकदा."

"मग मुळं कशी धरणार?"

उत्तर द्यायला मी तोंड उघडलं… आणि मिटलं. बाकावर त्याच्या शेजारी बसले. माझा हात त्याच्या हातात होता. मी तो सोडवून बघितला नाही.