मुखवट्यातला श्वास

पटलं तर घ्या, नाहीतर सोडून द्या. पण ही माझ्या मावसबहिणीच्या बाबतीत घडलेली खरी गोष्ट आहे.

साल १९९८. होळीनंतरची दुपार. सुरगाण्याकडचा एक पाडा.

माझी ही बहीण, रोहिणी, माहितीपट करायची. कधी भंगार वेचणाऱ्यांवर, कधी तमासगिरांवर. ज्यांच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही, तिथे ही कॅमेरा घेऊन हजर! नवरा बुद्धभूषण आवाज टिपायचा. भुताखेतांवर दोघांचाही काडीचा विश्वास नव्हता.

या वेळी विषय होता बोहाडा. मुखवटे घालून नाचायचा उत्सव.

पाड्यातल्या म्हाताऱ्या कुसाबाईच्या घरात एक मुखवटा भिंतीकडे तोंड करून ठेवला होता. तो नाचवणारा तिचा मुलगा काळू दिवाळीत वारला होता.

"वरीस सरल्याबिगर त्यो कोनी घालायचा नाय," म्हातारी गुरकावली. "निघा आता."

सगळा पाडा डोळे वटारून बघत होता. पण रोहिणी एकदा हट्टाला पेटली की संपलं. म्हातारी पाण्याला जाताच तिने मुखवटा अंगणात आणला. आत छोटा माइक चिकटवला, टेप चालू केली.

"भूषण, घाल जरा. नुसता आवाज तपासू."

त्याने घातला. हेडफोन रोहिणीच्या कानाला.

श्वास आला... शिट्टीसारखा वाजणारा.

"सर्दी झालीय का रे?"

"नाही तर." त्याने मुखवटा काढून ओट्यावर ठेवला.

हेडफोनमध्ये श्वास चालूच होता...

पण आता शिट्टी नव्हती. संथ, ओळखीचा श्वास. दहा वर्षं तिने उशाशी ऐकलेला.



तेवढ्यात कुसाबाई परतली. भूषणजवळून जाताना ती थबकली. हंडा खाली ठेवून तिने त्याच्या छातीला कान लावला.

"माझ्या काळूचा दम असाच वाजं," ती म्हणाली.

मग माइक उपटून फेकला, मुखवटा उचलला, आणि आत जाऊन कडी लावली. रोहिणीने दार बडवलं. पाड्यातल्या माणसांनी दोघांना गाडीत कोंबलं.

पुढे रोहिणी तो मुखवटा मागायला तीनदा गेली. पाड्याने तिला वेशीवरूनच हाकललं.

भूषण आजही जेवतो, कामाला जातो. पण झोपला की श्वास शिट्टीसारखा वाजतो. रोहिणी दुसऱ्या खोलीत झोपते. कॅमेरा तिने विकला, ती एक टेप ठेवली.

परवा म्हणाली, "ताई, टेपमधला श्वास मंद होत चाललाय गं."

मी तिला वेड्यात काढलं. तिने हेडफोन माझ्या कानाला लावला...

खूप वेळ काहीच नाही.

मग एक श्वास आला. अगदी बारीक.

दुसऱ्या श्वासाची वाट बघायचं धाडस माझं झालं नाही.