लिबलिब्याचा वास

रविवारी सकाळी कोल्हापुरातल्या त्या स्टुडिओच्या छोट्या थिएटरात कुजक्या कोबीचा वास सुटला आणि समोर बसलेली पोरं आनंदानं टाळ्या पिटायला लागली. पडद्यावर लिबलिब्या आला होता. हिरवट, केसाळ, पोट जमिनीला घासत चालणारा, नाकातून निघालेला शेंबूड हनुवटीवरून थेट छातीपर्यंत लोंबणारा. तो ढेकर द्यायचा आणि त्याबरोबर प्रत्येक खुर्चीच्या हातातून खरोखरचा वास यायचा. शी, सांगतानासुद्धा मळमळतं. पण लिबलिब्याचा हा चौथा सिनेमा होता आणि आधीच्या तिन्हींनी, खुर्चीतल्या वासाशिवायच, आख्खी कुटुंबं पोट धरधरून हसवली होती. गावानं हाकललेला हा गलिच्छ राक्षस शेवटी एखाद्या पोरीच्या मांडीवर डोकं ठेवून घोरायला लागला, की लोक डोळे पुसत बाहेर पडायचे.

हे वास तयार करायची तेजश्री मगदूम. रसायनशास्त्र शिकलेली बाई. स्टुडिओत तिला गंधकार म्हणत. तिच्या खोलीत काचेच्या कुप्यांमधून नासलेलं दूध, ओले मोजे, उन्हात राहिलेली कोळंबी असं एकेक वैभव मांडून ठेवलेलं असे. होती सगळी निरुपद्रवी रसायनं. पण नाकाला ते कुठं कळतं? पहिल्या वर्षी ती रोज जेवण टाकून उठायची. मग हळूहळू तिनं मन घट्ट केलं. नोकरी होती आणि पोरं हसत होती.

सगळी करामत होती ती गंधखुर्चीत. समोरच्या खुर्चीच्या पाठीत टाचणीच्या डोक्याएवढी लेन्स, ती मुलाच्या चेहऱ्यावर नजर ठेवायची. माणसाला किळस आली की नाकाशेजारचा एक स्नायू वरचा ओठ उचलतो. ते आपल्या हातात नसतं. ओठ उचलला गेला रे गेला की खुर्ची त्या वासात व्हॅनिला मिसळायची आणि डोक्यामागच्या उशीतून गुदगुल्या केल्यासारखं संगीत वाजवायची. पोर ओकारी विसरून हसायला लागायचं.

दिग्दर्शक अजिंक्य सरनोबत यांचा हट्ट एकच, की घाण राहू द्या, किळस तेवढी काढा. घाणीशिवाय पोरं हसायची कशाला? म्हणून दर रविवारी चाचणी व्हायची आणि दर चाचणीला व्हॅनिला थोडा कमी केला जायचा. गोष्ट बाहेर फुटू नये म्हणून परकी मुलं बोलवायची नाहीत, हा स्टुडिओचा रिवाज. कामावरच्या माणसांची पोरं आणायची, पॉपकॉर्न द्यायचं, आइस्क्रीम द्यायचं. दर रविवारी तीच पोरं. तेजश्रीची रुंजी तिसऱ्या वर्षापासून तिथं बसत होती, आता ती सहा वर्षांची होती. सरनोबतांचा शौर्यही त्यांच्यातच.

त्या रविवारी, पोरांच्या चेहऱ्यांवरून निघणाऱ्या आलेखावरची किळसेची रेघ पहिल्यांदा साफ तळाला टेकली. व्हॅनिलाचा थेंबही नव्हता. सरनोबतांनी पेढे वाटले, तेजश्रीच्या पाठीवर थाप मारली आणि जाहीर केलं, की येत्या दिवाळीत राज्यातल्या सगळ्या मोठ्या थिएटरांत ह्याच खुर्च्या बसणार. तेजश्री खूश झाली. का होऊ नये? इतक्या वर्षांच्या दुर्गंधीचं चीज झालं होतं.

त्याच आठवड्यात घरचा फ्रीज बंद पडला. सकाळी दूध फाटलेलं, त्याच्या गुठळ्या झालेल्या आणि स्वयंपाकघरात उभं राहवेना असा वास. तेजश्री खिडक्या उघडेपर्यंत रुंजीनं ग्लासभर दूध पिऊनही टाकलं होतं. ओठांवर पांढऱ्या गुठळ्या तशाच होत्या. पुढचे दोन दिवस पोर ओकत होती. दूध वेळेवर ओतून टाकलं नाही म्हणून तेजश्रीनं नवऱ्याला, संग्रामला, फाडून खाल्लं. त्यानं विचारलं, की तिला वास आला नाही का? वास सगळ्यांना येतो, असं म्हणून तिनं विषय मिटवला.

रुंजी बरी झाली आणि खाली खेळायला गेली. बराच वेळ हाक ऐकेना म्हणून तेजश्री शोधत इमारतीच्या मागे पाण्याच्या टाकीपाशी गेली. तिथं एक घूस मरून पडली होती. फुगलेली, केस झडलेली, पोट फुटलेलं आणि त्यात अळ्यांची नुसती वळवळ. रुंजी तिच्याशेजारी उकिडवी बसून त्या पोटावरून तळहात फिरवत होती. दुसऱ्या हाताची बोटं तोंडात होती.

"आई, बघ ना," ती लाडानं म्हणाली, "लिबलिब्यासारखा वास येतोय."

तेजश्रीनं तिला बखोटीला धरून उचललं, नळाखाली तिचे हात घासघासून लाल केले आणि तिथंच भिंतीला धरून भडाभडा ओकली. रुंजी आईची पाठ चोळत उभी राहिली. आईचं पोट दुखतंय असं तिला वाटलं होतं.

दुपारी तेजश्रीनं रुंजीला स्टुडिओतल्या आपल्या खोलीत नेलं आणि एकामागून एक कुप्या तिच्या नाकाखाली धरल्या. दूध, मोजे, कोळंबी. रुंजीनं प्रत्येक वासाचं नाव बिनचूक सांगितलं. नाक शाबूत होतं, पण ओठ जागचा हलत नव्हता. तिनं संकलन करणाऱ्या फरजाना मुजावरला फोन लावला आणि तिच्या मुलाची चौकशी केली. फरजाना आधी हसली. पोरगा कचऱ्याच्या डब्यातलं उचलून खातो, म्हणाली, मार खाऊनही सुधारत नाही. मग तिनंच विचारलं, की रुंजीसुद्धा?

इतक्या शिकल्यासवरल्या माणसांच्या डोक्यात एवढं शिरू नये, याचा खरं तर संताप यावा. रेघ खाली आली ती सिनेमा गोड झाला म्हणून नव्हे. सिनेमा होता तसाच गलिच्छ होता. पोरं बदलली होती. दर रविवारी त्याच चिमुरड्यांना सडक्या वासाबरोबर गोडवा पाजायचा, मग गोडवा काढून घ्यायचा आणि उरलेल्या सडक्यावर हसायला लावायचं. हात मागे घे, तोंडातलं थुंकून टाक, असं सांगणारी आतली घंटा ह्यांनीच काढून टाकली होती. आणि वर पेढे वाटले होते. यांना काय म्हणावं?

सरनोबतांनी ऐकून घेतलं आणि ते हसले. पोरं घाण करणारच, त्यांचा शौर्यही बूट चाटतो, त्यात काय एवढं? वितरकांना शब्द दिलाय, असंही म्हणाले. तेजश्रीनं वाद घातला नाही. शेवटची एक चाचणी घेऊ, एवढंच तिनं मागितलं.

रविवारी तिनं खुर्च्यांच्या टाकीत सगळ्या कुप्यांचा अर्क एकत्र ओतला. सरनोबत दाराशी उभे होते. दिवे मालवले, लिबलिब्या आला, त्यानं ढेकर दिली. पुढच्याच क्षणी सरनोबतांनी तोंडावर हात दाबला आणि ते बाहेर धावले. त्यांच्यामागे प्रक्षेपण चालवणारा माणूस, मग तेजश्री. सरनोबत गुलमोहराच्या बुंध्याशी वाकून ओकले. सकाळचा मिसळपाव सगळ्यांना बघावा लागला.

रुमालानं तोंड पुसत ते परत आले आणि दाराच्या काचेतून त्यांनी आत पाहिलं. एकही पोर उठलं नव्हतं. सगळी तोंडं उघडी, हसणारी, पॉपकॉर्ननं भरलेली. शौर्य खुर्चीच्या हाताला नाक चिकटवून खोल श्वास घेत होता आणि शेजारच्या पोराला, तूही बघ, म्हणून बोलावत होता.

"त्याला बाहेर काढा," ते म्हणाले.

"काढते, सर. पण तो रडेल. त्याच्यापुरतं तिथं काहीच वाईट नाहीये."

शेवटी ते स्वतःच नाकाला रुमाल बांधून आत गेले. शौर्यनं हातपाय झाडत आकांत मांडला. त्याला सिनेमा पुरा बघायचा होता. त्याच दिवशी सरनोबतांनी खुर्च्यांची जोडणी तोडली आणि वितरकांच्या शिव्या खाल्ल्या. चला, एवढं तरी शहाणपण आलं.

पण जे झालं ते झालं. मुलांच्या डॉक्टर म्हणाल्या, की मूल किळस घेऊन जन्माला येत नाही, ते ती शिकतं. जवळच्या माणसांचे चेहरे बघून, अगदी लहानपणी. एकदा पुसलेली पुन्हा शिकवता येते का, हे कुणी करून पाहिलेलं नाही. प्रयत्न करत राहा, एवढंच त्या सांगू शकल्या.

म्हणून आता रोज संध्याकाळी जेवणाआधी तेजश्री रुंजीला समोर घेऊन बसते. बशीत कधी काळं पडून पाणी सुटलेलं केळं, कधी बुरशी चढलेली पोळी. पूर्वी ज्या गोष्टींवर ती मन घट्ट करायची, त्यांच्यावर आता मन सैल सोडते. नाक मुरडते, अंग चोरते, पाठीवरून शहारा जाऊ देते. आणि रुंजी टक लावून आईकडे बघत राहते.

काल रुंजीनं बशीतल्या केळ्याकडे पाहिलं आणि अचूक तसं तोंड केलं. नाक मुरडलं, मान मागं घेतली, जीभ बाहेर काढली. तेजश्रीला रडूच फुटलं. तिनं पोरीला छातीशी धरलं, संग्रामला हाक मारली, पुन्हा करून दाखव म्हणाली. रुंजीनं पुन्हा केलं, पहिल्यापेक्षा छान. मग तिनं आईचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"मला जमलं ना?" तिनं विचारलं. "आता सांग, तू असं तोंड करतेस तेव्हा आत काय होतं?"